मंचामागच्या माणसांचा मोबदला आणि सुरक्षा परवानगीच्या अटींत लिहा: लाइव्ह इव्हेंट्स डेव्हलपमेंट सेलला खुले पत्र

प्रति,
मा. अध्यक्ष व सदस्य,
लाइव्ह इव्हेंट्स डेव्हलपमेंट सेल,
माहिती व प्रसारण मंत्रालय, नवी दिल्ली

महोदय, महोदया,

जुलै २०२५ मध्ये आपल्या कक्षाची स्थापना झाली, तेव्हा संगीत मैफली, महोत्सव, नाट्यप्रयोग आणि कंपन्यांचे सोहळे यांचा मिळून एक उद्योग आहे आणि त्याच्या अडचणी एका जागी ऐकून घ्यायला हव्यात, हे सरकारने मान्य केले याचा मला मनापासून आनंद झाला होता. परवानग्यांसाठी एक खिडकी, ती चित्रीकरणाच्या परवानग्या देणाऱ्या 'इंडिया सिने हब' या पोर्टलशी जोडणे, संगीत हक्कांच्या परवान्यांची सुलभ व्यवस्था आणि कार्यक्रमांसाठी योग्य जागा हे आपल्या कक्षापुढचे विषय आवश्यकच आहेत. मात्र कक्षाच्या कामाविषयी आतापर्यंत जे प्रसिद्ध झाले आणि माझ्या वाचनात आले, त्यात मोठ्या आयोजक कंपन्या, तिकीट विकणारे मंच, उद्योग महासंघ आणि संगीत हक्क संस्था यांचे म्हणणे दिसते. ध्वनी, प्रकाश, एलईडी पडदे, ट्रस (दिवे-स्पीकर टांगायचा धातूचा सांगाडा), मंडप आणि जनरेटर पुरवणारे छोटे व्यावसायिक आणि त्यांच्याकडे रोजावर काम करणारी मुले रोजगाराच्या आकड्यापलीकडे मला त्यात कुठेही आढळली नाहीत. ही उणीव आताच, नियम आकार घेत असतानाच भरून निघाली पाहिजे, म्हणून हे पत्र जाहीरपणे लिहीत आहे.

मी पुण्यात ध्वनी आणि प्रकाशयोजनेची साधने भाड्याने देण्याचा व्यवसाय चालवते. वडिलांनी तो सुरू केला तेव्हा अहुजाचे अ‍ॅम्प्लिफायर आणि पत्र्याचे कर्णे हे आमचे भांडवल होते, आणि गणेशोत्सव, नवरात्र, लग्नसराई आणि अधूनमधून एखादी मैफल हे आमचे वर्ष होते. आज आमच्या गोदामात डिजिटल मिक्सर, लाइन अ‍ॅरे, मूव्हिंग हेड दिवे आणि एलईडीच्या पॅनेलांच्या पेट्या आहेत. त्यांतल्या बऱ्याच वस्तूंचे हप्ते अजून फिटायचे आहेत. मार्च २०२० मध्ये सारे कार्यक्रम बंद पडले आणि महाराष्ट्रातली नाट्यगृहे २२ ऑक्टोबर २०२१ रोजी निम्म्या क्षमतेने पुन्हा उघडली. त्या मधल्या काळात आमच्या ओळखीच्या अनेकांनी मिक्सर आणि स्पीकर मिळेल त्या किमतीला विकले, आणि तयार झालेली मुले कुरिअरच्या किंवा डिलिव्हरीच्या कामाला लागली. त्यांतली काही परत आली, काही आली नाहीत. या व्यवसायाची वाढ व्हावी असे मला वाटते, कारण माझे घर आणि माझ्याकडे काम करणाऱ्यांची घरे तिच्यावर चालतात.

ही वाढ खरी आहे, हे आपल्याच मंत्रालयाने सांगितले आहे. मे २०२५ मध्ये मुंबईत झालेल्या 'वेव्हज' या मनोरंजन क्षेत्राच्या परिषदेत प्रसिद्ध केलेल्या श्वेतपत्रिकेनुसार २०२४ मध्ये संघटित थेट कार्यक्रमांची उलाढाल २०,८६१ कोटी रुपयांची होती आणि ती १५ टक्क्यांनी वाढली होती. २८ जानेवारी २०२५ रोजी भुवनेश्वरमध्ये पंतप्रधानांनी मैफलींच्या अर्थव्यवस्थेचा उल्लेख केला, तो त्याच महिन्यात मुंबई आणि अहमदाबादमध्ये झालेल्या कोल्डप्ले या ब्रिटिश बँडच्या कार्यक्रमांच्या संदर्भात. एका मोठ्या कार्यक्रमातून २,००० ते ५,००० जणांना तात्पुरता रोजगार मिळतो, असेही मंत्रालयाने म्हटले आहे. हे दोन ते पाच हजार लोक कोण, त्यांना पैसे केव्हा मिळतात, आणि काम करताना काही झाले तर त्यांची जबाबदारी कोणावर, हे तीन प्रश्न मात्र कोणत्याही सादरीकरणात मला दिसलेले नाहीत.

आमच्या कामाची ओळख बाहेरच्यांना फारशी नसते, म्हणून ते थोडे सविस्तर सांगते. मैदानावर शनिवारी संध्याकाळी कार्यक्रम असेल तर आमचे काम बहुधा गुरुवारी रात्री सुरू होते. मंडपवाले मंच उभा करतात, त्यावर अ‍ॅल्युमिनियमच्या ट्रसचा सांगाडा चेन मोटरने वर चढतो, मग त्या सांगाड्याला दिवे, स्पीकरच्या रांगा आणि एलईडीचे पडदे टांगले जातात. जनरेटरपासून वितरण पेटीपर्यंत आणि तिथून प्रत्येक उपकरणापर्यंत केबल ओढल्या जातात, अर्थिंग घेतले जाते, आणि हे सगळे जुळल्यावर साउंडचेक होतो. मोठ्या कार्यक्रमात मंचाच्या एका बाजूला टांगलेल्या स्पीकरचे वजन सहज एक टनाच्या पुढे जाते, आणि ते कलाकारांच्या, वादकांच्या आणि पुढच्या रांगांतल्या प्रेक्षकांच्या अगदी जवळ असते. कार्यक्रम संपला की प्रेक्षक घरी जातात आणि आमची दुसरी पाळी सुरू होते. मैदानाचे भाडे दिवसावर असल्यामुळे पहाटेपर्यंत सारे उतरवून टेंपोत भरायचे असते, आणि तोच टेंपो अनेकदा दुसऱ्या दिवशीच्या कार्यक्रमासाठी तसाच पुढे नाशिकला किंवा कोल्हापूरला निघतो.

आता तक्रारींकडे वळते. त्यांतली सर्वांत जुनी आणि सर्वांत मोठी तक्रार पैशांच्या विलंबाची आहे.

कार्यक्रमाचा पैसा वरून खाली येताना अनेक हातांतून जातो. प्रायोजक ब्रँड एजन्सीला काम देतो, एजन्सी निर्मिती कंपनीला, निर्मिती कंपनी आमच्यासारख्या पुरवठादाराला, आणि साधने कमी पडली तर आम्ही दुसऱ्या पुरवठादाराकडून ती घेतो. शेवटी हमाल, लाइटमन, रिगर (म्हणजे वजन उंचावर टांगणारे) आणि ड्रायव्हर असतात, आणि त्यांना मात्र त्याच रात्री किंवा त्या आठवड्यात रोख पैसे द्यावे लागतात, कारण त्यांचे पोट दुसऱ्याच्या बिलाच्या मंजुरीसाठी थांबू शकत नाही. आमच्या बिलाचे पैसे ६० दिवसांनी आले तर आम्ही त्याला चांगला व्यवहार म्हणतो. ९० किंवा १२० दिवस लागणे ही रोजची गोष्ट आहे. मधल्या काळात बिलावरचा १८ टक्के जीएसटी पुढच्या महिन्याच्या २० तारखेपर्यंत आम्हाला आमच्या खिशातून सरकारकडे भरावा लागतो. म्हणजे जो पैसा आमच्या हातात आलेला नाही, त्यावरचा कर आम्ही कर्ज काढून भरतो.

माझ्या स्वतःच्या व्यवसायात एका एजन्सीने एका उत्पादनाच्या उद्घाटन सोहळ्याचे पैसे जवळजवळ वर्षभर दिले नाहीत. आधी खरेदी आदेशाचा क्रमांक चुकला असे सांगण्यात आले, मग हिशेब पाहणारी व्यक्ती बदलली, मग आर्थिक वर्ष संपले, आणि शेवटी रकमेतून काही टक्के सोडल्यास लगेच पैसे मिळतील असा प्रस्ताव आला. तो मी मान्य केला, कारण त्या महिन्यात बँकेचा हप्ता चुकला असता. त्या एजन्सीचे नाव मी इथे लिहीत नाही, कारण प्रश्न एका एजन्सीचा नाही. माझ्या ओळखीतल्या प्रत्येक पुरवठादाराकडे असा एक तरी अनुभव आहे.

कायदा नाही, असे कोणी म्हणू नये. २००६ च्या सूक्ष्म, लघु व मध्यम उद्योग विकास कायद्यानुसार लेखी करार असला तरी जास्तीत जास्त ४५ दिवसांत आणि करार नसेल तर १५ दिवसांत पैसे देणे बंधनकारक आहे, आणि विलंब झाल्यास रिझर्व्ह बँकेच्या बँक दराच्या तिप्पट दराने चक्रवाढ व्याज देय आहे. १ एप्रिल २०२४ पासून प्राप्तिकर कायद्यातही अशी तरतूद लागू झाली आहे की सूक्ष्म आणि लघु उद्योगांचे पैसे या मुदतीत दिले नाहीत तर ते प्रत्यक्ष देईपर्यंत खरेदीदाराला त्या खर्चाची वजावट मिळत नाही. तक्रारीसाठी २०१७ पासून 'समाधान' पोर्टल आहे. पण तक्रार ज्याने करायची त्याला आपले नाव लिहून, आपल्याच ग्राहकाविरुद्ध करायची असते. पुण्या-मुंबईत मोठी कामे देणाऱ्यांचे वर्तुळ इतके लहान आहे की एकाविरुद्ध तक्रार केलेल्या पुरवठादाराचे नाव आठवडाभरात सर्वांना कळते आणि पुढच्या हंगामात त्याचा फोन वाजत नाही. ज्या कायद्याचा आधार घेतल्यावर व्यवसाय बंद पडण्याची भीती असते, तो कायदा आमच्या दृष्टीने कागदावरच राहतो.

दुसऱ्या बाजूला तंत्रज्ञानाने प्रेक्षकाकडून पैसा गोळा करण्याचा वेग किती वाढवला आहे, हेही पाहावे. नवी मुंबईतल्या डी. वाय. पाटील स्टेडियमवर जानेवारी २०२५ मध्ये झालेल्या कोल्डप्लेच्या कार्यक्रमांची तिकिटे सप्टेंबर २०२४ मध्ये विक्रीला आली आणि काही वेळातच संपली. प्रेक्षकाने आपले पैसे जवळजवळ चार महिने आधी भरले होते. मी हे उदाहरण त्या कार्यक्रमाच्या आयोजकांवर आरोप म्हणून देत नाही, तर या व्यवसायात पैसा किती आधी येऊ शकतो हे दाखवण्यासाठी देत आहे. तिकीट विक्रीचा आकडा आज आयोजकाला मिनिटामिनिटाला फोनवर दिसतो, प्रवेशद्वारावर क्यूआर कोड एका क्षणात तपासला जातो, काही महोत्सवांत मनगटावरच्या पट्टीतून खाण्यापिण्याचे पैसे वजा होतात. इतकी व्यवस्था ज्या उद्योगाकडे आहे, त्याला आमचे बिल ४५ दिवसांत देता येत नाही हे मला पटत नाही. तांत्रिक अडचण इथे उरलेलीच नाही. उरला आहे तो प्राधान्याचा प्रश्न.

तंत्रज्ञानाच्या खर्चाचा भार कोणावर पडतो, हीही एक स्वतंत्र तक्रार आहे. काही वर्षांपूर्वी मंचाच्या मागे फ्लेक्सचा पडदा असायचा, आज लहानशा शहरातल्या पुरस्कार सोहळ्यालाही एलईडीचा पडदा लागतो. आधी पी-३.९ चे (म्हणजे ठिपक्यांत ३.९ मिलिमीटर अंतर असलेले) पॅनेल उत्तम समजले जात होते, ते घेऊन त्याचे हप्ते फिटायच्या आत पी-२.६ ची मागणी सुरू झाली, आणि चौरस फुटाचा दर मात्र वाढण्याऐवजी स्पर्धेमुळे खाली आला. कलाकारांच्या तांत्रिक मागणीपत्रात मिक्सरची आणि स्पीकरची कंपनीसुद्धा नमूद असते, आणि ती कंपनी आपल्याकडे नसेल तर काम दुसऱ्याकडे जाते. ही प्रगती मला हवी आहे. आवाज स्पष्ट झाला आहे, दिव्यांना वीज कमी लागते, आणि स्पीकर किती उंचीवर व कोणत्या कोनात टांगावेत हे संगणकावर आधी पाहता येते, त्यामुळे शेजारच्या वस्तीला होणारा त्रासही कमी करता येतो. पण दर दोन-तीन वर्षांनी नवे भांडवल घालायचे, त्यासाठी स्वतःचे घर तारण ठेवायचे, आणि परतावा मात्र चार महिन्यांनी मिळणार, अशा गणितात लहान पुरवठादार टिकत नाही. तो संपला तर उद्या आपल्याला हव्या असलेल्या त्या हजारो कार्यक्रमांना, विशेषतः सांगली, लातूर, जळगावसारख्या ठिकाणच्या कार्यक्रमांना, साधने कोण पुरवणार, याचा विचार कक्षाने करावा.

साधने नवी आली, पण ती हाताळणाऱ्यांच्या शिक्षणाची सोय आली नाही. आमच्याकडे आजवर कामाला आलेला एकही मुलगा रिगिंगचे किंवा मंचावरच्या वीजजोडणीचे प्रमाणपत्र घेऊन आलेला नाही. ती सर्व मुले आमच्या गोदामात, जुन्या माणसांच्या हाताखाली शिकली. चेन मोटरची क्षमता किती, वजन अडकवायच्या कडीवर, म्हणजे शॅकलवर, किती वजन चालते, दुसरी सुरक्षा वायर का लावायची, हे ज्याने शिकवले त्याला जेवढे माहीत, तेवढेच पुढच्याला कळते. या मुलांचे कौशल्य मोठे आहे आणि मला त्यांचा अभिमान आहे, परंतु एक टन वजन माणसांच्या डोक्यावर टांगण्याचे काम केवळ ऐकीव ज्ञानावर चालू ठेवणे योग्य नाही.

यातूनच सुरक्षेची तक्रार येते, आणि तिच्याबाबत मला सर्वांत अधिक काळजी वाटते.

२७ जानेवारी २०२४ च्या रात्री दिल्लीच्या कालकाजी मंदिरातल्या जागरणात लाकूड व लोखंडी चौकटीचा मंच कोसळला, एका महिलेचा मृत्यू झाला आणि अनेक जण जखमी झाले. २९ डिसेंबर २०२४ रोजी कोचीच्या स्टेडियमवरील नृत्याच्या कार्यक्रमात तात्पुरत्या मंचाला पुरेसा कठडा नव्हता आणि आमदार उमा थॉमस तेथून खाली पडून गंभीर जखमी झाल्या. परदेशातही हे घडले आहे. १६ जून २०१२ रोजी टोरोंटोमध्ये रेडिओहेड या बँडच्या कार्यक्रमाआधी मंचाचे छप्पर कोसळले आणि बँडच्या ड्रम तंत्रज्ञाचा मृत्यू झाला. प्रेक्षकांना अजून आत सोडलेले नव्हते. मंच कोसळतो तेव्हा त्याखाली सर्वांत जास्त वेळ घालवणारे लोक आम्ही असतो, हे या घटनेतून दिसते.

महाराष्ट्राला तात्पुरत्या आणि उंच सांगाड्यांचा धोका नवा नाही. १७ एप्रिल २०२३ रोजी पिंपरी-चिंचवडमध्ये किवळे येथे जाहिरात फलक कोसळून ५ जणांचा मृत्यू झाला, आणि १३ मे २०२४ रोजी घाटकोपरला फलक पडून १७ जण दगावले. दोन्ही घटना वळवाच्या वाऱ्यात घडल्या. घाटकोपरनंतर फलकांच्या तपासणीची चर्चा राज्यभर झाली. मैदानावर दोन दिवसांसाठी उभारलेला एलईडीचा मोठा पडदासुद्धा वारा तसाच अडवतो, त्याला खोल पाया नसतो, आणि एप्रिल-मे महिन्यांत आमच्याकडे खुल्या मैदानावरचे कार्यक्रम चालूच असतात. किती वाऱ्याला पडदा खाली घ्यायचा आणि कार्यक्रम थांबवण्याचा अधिकार कोणाचा, हे बहुतेक ठिकाणी आधी लिहून ठरलेले नसते. वारा सुटल्यावर आमचा तंत्रज्ञ पडदा उतरवायला सांगतो आणि आयोजकाचा माणूस पाहुणे निघेपर्यंत थांबा म्हणतो, हे मी स्वतः पाहिले आहे. त्या वेळी तंत्रज्ञाच्या हातात कोणताही नियम नव्हता, फक्त विनंती होती.

मंचाच्या मजबुतीचे प्रमाणपत्र परवानगीसाठी मागितले जाते, हे मला माहीत आहे. पण आमच्या अनुभवात ते बऱ्याचदा आराखडा पाहून, मंच पूर्ण उभा राहण्याआधीच सही होऊन येते. प्रत्यक्षात शेवटच्या रात्री पडद्याची रुंदी वाढवली जाते, आणखी चार दिवे टांगले जातात, छपरावर प्रायोजकाचे नाव चढते, आणि प्रमाणपत्रातला मंच व मैदानावरचा मंच यांत फरक पडतो. वीजजोडणीबाबतही हेच होते. पाऊस पडून गेलेल्या गवतावर केबल असताना ३० मिलिअँपिअर वीज गळताच पुरवठा तोडणारे गळती संरक्षण प्रत्येक वितरण पेटीत असावे, ही आमच्या दृष्टीने किमान गोष्ट आहे, पण ती न लावता कमी दर देणारा पुरवठादार काम घेऊन जातो, कारण दरांची तुलना करायच्या कागदावर तिचा रकाना नसतो.

कामगार कायद्यांतही आमची माणसे कुठे बसतात हे स्पष्ट नाही. २१ नोव्हेंबर २०२५ पासून चार कामगार संहिता लागू झाल्या. व्यावसायिक सुरक्षा संहितेत दृक्‌श्राव्य कामगारांची व्याख्या आहे, आणि त्यात चित्रपट, दूरचित्रवाणी, वेब मालिका, जाहिराती, रिअ‍ॅलिटी शो अशा निर्मितीत काम करणारे कलाकार व तंत्रज्ञ येतात. कॅमेऱ्यासाठी दिवा लावणारा माणूस त्या व्याख्येत आहे. तोच माणूस दुसऱ्या दिवशी मैदानावरच्या मैफलीसाठी तोच दिवा लावतो तेव्हा तो त्यात येतो असे व्याख्या वाचून म्हणता येत नाही. ब्रिटनमध्ये २०१५ च्या बांधकाम नियमावलीखाली मंच आणि तत्सम तात्पुरत्या उभारणीचे कामही येते, त्यामुळे काम करून घेणारा, आराखडा करणारा आणि उभारणारा अशा प्रत्येकाची जबाबदारी नेमून दिलेली असते. आपल्याकडे तसे करायला कोणता अडथळा आहे, हे मला समजलेले नाही.

कामाच्या तासांविषयी थोडक्यात लिहिते. ध्वनिप्रदूषण नियमांमुळे रात्री १० वाजता आवाज थांबतो, आणि ते योग्यच आहे. पण मैदान उशिरा ताब्यात मिळते आणि लवकर परत करावे लागते, त्यामुळे उभारणीचे दोन दिवसांचे काम एका रात्रीत करून घेतले जाते. झोप न झालेला माणूस ट्रसवर चढतो आणि झोप न झालेला ड्रायव्हर घाट उतरतो. यावर उपाय साधा आहे: मैदान भाड्याने देतानाच उभारणीचे आणि उतरवण्याचे किमान तास ठरवून द्यावेत.

आणखी एक मुद्दा मराठी रंगभूमीशी आणि छोट्या मैफलींशी जोडलेला आहे. नाटक, नृत्य आणि संगीताच्या कार्यक्रमाच्या तिकिटावर ५०० रुपयांपर्यंत जीएसटी लागत नाही. ही मर्यादा जानेवारी २०१८ मध्ये २५० वरून ५०० वर नेली गेली आणि तेव्हापासून तिथेच आहे. त्यापुढे १८ टक्के कर लागतो, म्हणून अनेक नाट्यसंस्था सर्वांत महाग तिकीटही ५०० रुपयांवरच ठेवतात. डिझेल, नाट्यगृहाचे भाडे आणि प्रवास या काळात वाढला, आणि काटछाट जिथे करता येते ती जागा बहुधा प्रकाश आणि ध्वनीचीच असते. मोठ्या महोत्सवांच्या मधल्या महिन्यांत आमच्या तंत्रज्ञांना काम देतात ते हेच प्रयोग, त्यामुळे हा मुद्दा आमच्यापासून दूरचा नाही.

आमच्या मागण्या अशा आहेत.

पहिली मागणी प्रतिनिधित्वाची आहे. ध्वनी, प्रकाश, एलईडी, मंडप व रिगिंग पुरवठादारांचे आणि रोजावर काम करणाऱ्या तंत्रज्ञांचे प्रतिनिधी कक्षाच्या बैठकांत कायम सदस्य म्हणून असावेत, आणि ते केवळ महानगरांतले नसावेत.

दुसरी, आणि माझ्या मते सर्वांत महत्त्वाची मागणी अशी की एक खिडकीतून मिळणाऱ्या परवानगीच्या अटींतच पैशांची अट असावी. ठरावीक क्षमतेपेक्षा मोठ्या प्रत्येक कार्यक्रमासाठी आयोजकाने पुरवठादारांची यादी आणि त्यांना देय रक्कम नोंदवावी, तिकीट विक्रीतून किंवा प्रायोजकत्वातून आलेल्या पैशातला तेवढा हिस्सा स्वतंत्र खात्यात ठेवावा, आणि ४५ दिवसांत देणी पूर्ण केल्याची नोंद पोर्टलवर करावी. ही नोंद न करणाऱ्या आयोजकाच्या पुढच्या कार्यक्रमाचा अर्ज ती होईपर्यंत थांबवावा. थकबाकी मुदत उलटताच पोर्टललाच दिसेल, तर तक्रार करून स्वतःचा व्यवसाय धोक्यात घालण्याची वेळ पुरवठादारावर येणार नाही.

तिसरी, तात्पुरत्या मंचांसाठी देशभर एकच सुरक्षा संहिता करावी. प्रमाणपत्र मंच पूर्ण उभा राहिल्यावर, सर्व वजन टांगल्यावर, जागेवर पाहूनच द्यावे. वाऱ्याचा वेग मोजण्याचे साधन, कार्यक्रम थांबवण्याची मर्यादा आणि थांबवण्याचा अधिकार असलेल्या व्यक्तीचे नाव परवानगीत लिहिलेले असावे. प्रत्येक वितरण पेटीत गळती संरक्षण सक्तीचे असावे. व्यावसायिक सुरक्षा संहितेतल्या कामगारांच्या व्याख्येत थेट कार्यक्रमांतल्या कामगारांचा स्पष्ट समावेश करण्याची शिफारस कक्षाने श्रम मंत्रालयाला करावी.

चौथी मागणी निधी आणि विम्याची आहे. १९८१ मध्ये चित्रपट कामगारांच्या कल्याणासाठी चित्रपटांवर उपकर बसवण्याचा कायदा झाला होता. महाराष्ट्राने तर त्याच्याही आधी, १९६९ मध्ये, माथाडी कायदा करून आज इथे तर उद्या तिथे काम करणाऱ्या हमालांना भविष्य निधी, बोनस आणि उपचार मिळू शकतात हे दाखवून दिले आहे. ठरावीक किमतीवरच्या प्रत्येक तिकिटातून लहानसा हिस्सा घेऊन असाच निधी थेट कार्यक्रमांच्या कामगारांसाठी उभारावा, आणि अपघात विम्यात मैदानावरच्या प्रत्येकाचे नाव असावे.

याखेरीज रिगिंग, मंचावरची वीज आणि ध्वनी यांचे प्रशिक्षण आयटीआयमध्ये सुरू करावे आणि आजवर कामातून शिकलेल्यांची परीक्षा घेऊन त्यांना प्रमाणपत्र द्यावे. मैदानांच्या भाडेपत्रात उभारणीचे किमान तास लिहावेत. आणि ५०० रुपयांची करमर्यादा वाढवण्याची शिफारस जीएसटी परिषदेकडे पाठवावी.

यावर आयोजकांचा एक आक्षेप येईल, आणि तो मी आधीच विचारात घेतला आहे. परवानग्या कमी व्हाव्यात म्हणून एक खिडकी होत असताना तिच्यात नव्या अटी घातल्या तर खर्च वाढेल, असे ते म्हणतील. खर्च थोडा वाढेल हे खरे आहे. परंतु तो खर्च आजही होतोच, फक्त तो आमच्या कर्जाच्या व्याजात, रोजावरच्या मुलाच्या बुडालेल्या मजुरीत आणि अपघात झाल्यावर एखाद्या कुटुंबाच्या नावावर जमा होतो. जे आयोजक वेळेवर पैसे देतात आणि मंच नीट तपासून घेतात, ते दरांच्या स्पर्धेत आज मागे पडतात. अशा अनेकांबरोबर मी आनंदाने काम केले आहे, आणि या अटींचा लाभ त्यांनाही होईल.

कक्षाने या मागण्या पुढच्या बैठकीच्या विषयपत्रिकेवर घ्याव्यात, त्यांतील कोणती मान्य आहे, कोणती नाही आणि का नाही, हे प्रसिद्ध करावे, आणि एक खिडकी व्यवस्थेच्या अटींचा मसुदा अंतिम करण्यापूर्वी तो मराठीसह सर्व भारतीय भाषांत हरकती व सूचनांसाठी खुला करावा, अशी माझी विनंती आहे. थकलेल्या बिलांची, कामाच्या तासांची आणि वीजजोडणीतल्या त्रुटींची माझ्याकडे असलेली कागदपत्रे, संबंधितांची नावे झाकून, कक्षाने मागितल्यास मी सादर करीन. माझ्यासारख्या इतर पुरवठादारांनी आणि तंत्रज्ञांनीही आपापले अनुभव कक्षाला लेखी कळवावेत, असे मी या पत्रातून त्यांना आवाहन करते.

आपली,
पुण्यातील एक ध्वनी-प्रकाश व्यावसायिक